ऐरोलीत राहून एकपात्री प्रयोग आणि चित्रकला, दोन्हींवर घर चालवता येईल का?

तुम्ही लिहिलंय की नोकरी सोडायचा विचार आहे आणि घरचे म्हणतात, "आधी दोन्हींतलं एक काय ते ठरव." मी ठाण्याचा. गेली अकरा वर्षं रंगमंचावर गोष्ट सांगता सांगता मोठ्या कागदावर शाईने चित्र काढतो आणि त्यावरच माझं घर चालतं.

एक ठरवायची काही गरज नाही. कुडाळजवळच्या पिंगुळीला जाऊन या. तिथले ठाकर समाजातले चित्रकथी रामायण-महाभारतातली चित्रं एकामागून एक समोर धरतात आणि वाद्यांच्या साथीने कथा गातात. चित्रकार कुठे संपला आणि कथेकरी कुठे सुरू झाला, हा प्रश्नच तिथे पडत नाही. ही कला जपणाऱ्या परशुराम गंगावणे यांना २०२१ साली पद्मश्री जाहीर झाली. मी तिथून परत आलो तो मनातली टोचणी घालवूनच.

खरी अडचण पैशाची आहे. तिसऱ्या वर्षी एका कंपनीच्या कार्यक्रमात मी चित्र काढलं, ते त्यांनी ठेवून घेतलं आणि दिवाळीत तेच त्यांच्या कॅलेंडरवर छापून आलं. मला फार लागलं ते. वकील मैत्रिणीने १९५७च्या कॉपीराइट कायद्यातलं १७वं कलम दाखवलं: कुणी पैसे देऊन चित्र काढून घेतलं आणि वेगळा करार केलेला नसेल, तर कॉपीराइटचा पहिला मालक पैसे देणारा ठरतो. स्वतःच्या मनाने काढलेलं चित्र मात्र आपलंच. तेव्हापासून माझ्या कोटेशनमध्ये प्रयोगाचं मानधन वेगळं आणि चित्राची किंमत वेगळी असते. खाली एक ओळ: चित्र विकलं तरी कॉपीराइट माझ्याकडे राहील. समोरच्याची लेखी संमती आल्याशिवाय मी तारीख देत नाही. शूटिंगचंही तसंच, प्रयोग रेकॉर्ड करायला सादरकर्त्याची परवानगी लागते, त्याच कायद्याची ३८ आणि ३८अ ही कलमं वाचा.

गडकरी रंगायतनचं स्वप्न जरूर बघा, पण सुरुवात शाळा, वाचनालयं आणि सोसायटीच्या गणपतीपासून करा. गणपती ते दिवाळी तारखा मिळतात. जून-जुलै मात्र कोरडे जातात. तेव्हा मी मुलांचे वर्ग घेतो. त्यामुळे नोकरीत राहूनच असे दोन पावसाळे काढा, सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला ठेवा आणि मगच राजीनामा द्या. आईवडिलांना प्रयोगाला पहिल्या रांगेत बसवा, बोलण्यापेक्षा त्याचा उपयोग जास्त होतो.

आणि कॅनव्हास नको. संध्याकाळच्या ठाणे-वाशी लोकलमध्ये फ्रेम घेऊन चढताच येत नाही. प्लंबिंगच्या दुकानातून चार इंची पीव्हीसी पाइप घ्या, दोन्ही टोकांना झाकणं लावा. कागदाची गुंडाळी त्यात बसते, पावसात भिजत नाही. माझा तोच पाइप अजून चालू आहे.