ताश्कंदमध्ये एकच दिवस आहे, चार तासांची गाइडेड टूर घ्यावी की आपलं आपण फिरावं?

तुम्ही लिहिलंय की सकाळी ताश्कंदला उतरून संध्याकाळी समरकंदची गाडी पकडायची आहे, सोबत सत्तरीतले आई-बाबा आहेत, आई पूर्ण शाकाहारी आहेत, आणि 'ताश्कंदमध्ये बघण्यासारखं काही नाही, तिथे गाइडवर पैसे घालवू नका' असं कुणीतरी सांगितलंय.

माझं मत नेमकं उलटं आहे. उझबेकिस्तानात एकाच शहरात गाइड घ्यायचा असेल तर तो ताश्कंदला घ्या. समरकंदच्या रेगिस्तान चौकात उभं राहिलं की पुढचं काम डोळेच करतात, तिथे कुणी काही बोललं नाही तरी चालतं. ताश्कंदला रुंद रस्ते, कारंजी, झाडं आणि सोव्हिएत काळातल्या वसाहतींच्या रांगा दिसतात. सांगणारं कुणी नसेल तर माणूस तासाभरात कंटाळतो आणि एखाद्या मॉलमध्ये शिरतो. या शहरात जे आता उरलं नाही ते जास्त महत्त्वाचं आहे, आणि न उरलेल्या गोष्टी मोबाइलच्या नकाशात सापडत नाहीत.

२६ एप्रिल १९६६ रोजी पहाटे ५ वाजून २३ मिनिटांनी इथे भूकंप झाला. आकड्यात बघितला तर तो फार मोठा नव्हता, रिश्टरवर पाचाच्या थोडा वर. पण त्याचं केंद्र थेट शहराच्या पोटात आणि जमिनीपासून जेमतेम काही किलोमीटर खोल होतं. जुनी वस्ती मातीच्या घरांची. सुमारे तीन लाख माणसं बेघर झाली. मग सोव्हिएत संघातल्या सगळ्या प्रजासत्ताकांतून कामगार आणि सामान आलं, आणि काही वर्षांत जुन्या गल्ल्यांच्या जागी आजचं शहर उभं राहिलं. चांगला गाइड तुम्हाला काळ्या दगडाच्या दुभंगलेल्या घनाजवळ नेतो. त्यावर कोरलेल्या घड्याळात तीच वेळ आहे आणि तिथून निघालेली भेग जमिनीवरून पुढे पुतळ्यांपर्यंत जाते. पण तेवढ्यावर न थांबता तो जर जवळच्या एखाद्या वसाहतीकडे बोट करून त्या इमारतींच्या बाजूच्या भिंतींवरची मोझॅइकची चित्रं दाखवत असेल, तर समजा की माणूस बरा मिळाला. आपण ज्यांना 'साधे सरकारी ब्लॉक' म्हणून सोडून देतो, तीच या शहराची खरी स्मारकं आहेत.

आता तुमच्या बाबांच्या पिढीची गोष्ट. त्यांच्यासाठी ताश्कंद म्हणजे लालबहादूर शास्त्री. ताश्कंद करारावर १० जानेवारी १९६६ ला सह्या झाल्या आणि त्याच रात्री, म्हणजे ११ तारखेला पहाटे, शास्त्रीजी गेले. संरक्षणमंत्री म्हणून यशवंतराव चव्हाण त्या शिष्टमंडळात होते, त्यामुळे आपल्याकडच्या जुन्या माणसांना या शहराचं नाव ऐकलं की दोघंही आठवतात. त्यानंतर साडेतीन महिन्यांत भूकंप झाला. शास्त्रीजींनी गाडीच्या काचेतून जे ताश्कंद पाहिलं असेल, त्यातलं बरंचसं त्याच वसंतात पडलं. हे गणित मी तिथे जाईपर्यंत कधी मांडलंच नव्हतं.

शास्त्रीजींच्या नावाचा रस्ता आणि त्यांचा अर्धपुतळा शहरात आहे, पण नेहमीच्या चार तासांच्या टूरमध्ये तो नसतो. बुक करतानाच सांगावं लागतं, आणि सांगितलं तर बहुतेक जण आनंदाने नेतात. भव्य काही अपेक्षू नका. रहदारीच्या रस्त्यालगतचा साधा पुतळा आहे, दहा मिनिटांत पाहून होतो. तरी बाबांना न्याच. आमच्या गटातल्या एका आजोबांनी तिथे चपला काढल्या, तेव्हा गाइडने काही न विचारता आपलंही बोलणं थांबवलं.

तैमूरचा चौक हा प्रत्येक टूरचा हमखास थांबा. घोड्यावरचा अमीर तैमूर, मागे हॉटेल उझबेकिस्तानची उघड्या पुस्तकासारखी प्रचंड काँक्रीट इमारत. फोटो काढून पुढे जाऊ नका, गाइडला विचारा की या जागी आधी कोण होतं. रशियनांनी १८६५ मध्ये ताश्कंद घेतलं. त्यानंतरचा पहिला गव्हर्नर जनरल काउफमान याचा पुतळा झारच्या काळात इथे बसला. क्रांतीनंतर तो गेला. पुढे स्टालिन आला, तोही गेला, मग कार्ल मार्क्स, आणि देश स्वतंत्र झाल्यावर नव्वदच्या दशकात तैमूर. शहराचा दीडशे वर्षांचा इतिहास एका चौथऱ्यावर सांगून होतो. चौकातली जुनी चिनाराची झाडं २००९ मध्ये तोडली गेली, त्याबद्दल स्थानिक माणसं अजून हळहळतात. तुमचा गाइड हे आपणहून सांगतो का, यावरून तो पाठ केलेलं बोलतोय की मनातलं, ते कळतं.

आमच्यातल्या नागपूरच्या एका काकांनी तिथेच विचारलं, "अहो, याने तर १३९८ मध्ये दिल्लीत कत्तल केली, आणि तुम्ही याचा पुतळा उभारता?" मला जरा अवघडल्यासारखं झालं. गाइड पंचविशीतली मुलगी होती. ती म्हणाली, "माझ्या आजीच्या शाळेतही तैमूर क्रूरच होता, तिची पुस्तकं मॉस्कोची होती. माझ्या शाळेत तो राष्ट्रपिता झाला. तुम्ही आजीच्या बाजूचे." काका हसले आणि पुढे दिवसभर तिच्याशेजारी चालत राहिले. असे संवाद बसच्या ऑडिओ टूरमध्ये होत नाहीत. म्हणून मोठ्या बसची, कानात यंत्र घालून ऐकायची टूर मी सुचवणार नाही.

तुमच्या चार तासांतला सगळ्यात चांगला भाग जमिनीखाली आहे. ताश्कंदची मेट्रो १९७७ मध्ये सुरू झाली, मध्य आशियातली पहिली. ती अणुहल्ल्यात आसरा म्हणूनही बांधलेली, त्यामुळे २०१८ पर्यंत आत फोटो काढायला बंदी होती. आता बिनधास्त काढा. तिकीट इतकं स्वस्त आहे की त्याचा हिशोबच करू नका. काही जण तीसेक स्टेशनं दाखवायच्या गप्पा मारतात, त्याची गरज नाही. एकाच मार्गावरची तीन पुरेत: कॉस्मोनाव्हतलार, अलिशेर नवोई आणि चोरसू.

कॉस्मोनाव्हतलार म्हणजे अंतराळवीरांचं स्टेशन. निळ्या भिंतींवर गागारिन, तेरेश्कोवा यांची गोल चित्रं आहेत, आणि त्यांच्याच रांगेत पंधराव्या शतकातला समरकंदचा राजा उलुग बेग. हा तैमूरचा नातू, राज्यकारभारापेक्षा ताऱ्यांत जास्त रमणारा. सवाई जयसिंहाने जयपूर-दिल्लीत जंतरमंतर बांधताना याच्याच तारासारण्या समोर ठेवल्या होत्या. दुसऱ्या दिवशी समरकंदला त्याच्या वेधशाळेचे अवशेष पाहाल तेव्हा ही ओळख उपयोगी पडेल. आणखी एक, हे स्टेशन १९८४ चं, म्हणजे आपले राकेश शर्मा शेजारच्या कझाकस्तानातून अवकाशात गेले त्याच वर्षीचं. अलिशेर नवोई स्टेशनवर छताला एकापुढे एक घुमट आहेत आणि भिंतींवर या कवीच्या काव्यांतले प्रसंग. लैला-मजनू, शिरीन-फरहाद तिथे आपणहून ओळखू येतात. फक्त आई-बाबांचे गुडघे दुखत असतील तर आधी बोलून ठेवा, बऱ्याच ठिकाणी जिने चढावे-उतरावे लागतात.

चोरसूला बाहेर पडलात की समोर बाजाराचा मोठा निळा घुमट. जागा शेकडो वर्षं बाजाराचीच, घुमट मात्र १९८० चा. आत खालच्या मजल्यावर मांस आहे, घोड्याचंसुद्धा. आईंना ते नको असेल तर गाइडला सांगा, तो थेट वरच्या गॅलरीत नेईल. तिथे सुकामेवा, मसाले, आणि वरून खालचा सगळा गोल एका नजरेत दिसतो. घुमटाबाहेर गरम नान आहे, मध्ये ठसा मारलेली, फुगीर कडांची. नान कधी उलटी ठेवू नका, ते वाईट मानतात. कुरुत नावाच्या वाळवलेल्या दह्याच्या खारट गोळ्या चाखून बघा. एकच घ्या, सगळ्यांना झेपत नाहीत.

बाजारात कोरियन चेहऱ्याच्या बायका गाजराची चटकदार कोशिंबीर विकताना दिसल्या की गाइडला त्यांच्याबद्दल विचारा. स्टालिनने १९३७ मध्ये सोव्हिएत संघाच्या पूर्व टोकाला राहणाऱ्या कोरियन लोकांना उचलून रेल्वेने मध्य आशियात आणून टाकलं. इथे त्यांना लोणच्यासाठी त्यांची ओळखीची कोबी मिळेना, म्हणून गाजर आलं, असं सांगतात. आज ती कोशिंबीर सगळ्या शहराची झाली आहे, आणि तुमच्या आईंच्या ताटातही बसते. बाकी त्यांच्यासाठी भोपळ्याचा सोम्सा (समोशासारखा), टोमॅटो-कांद्याचं अचिचुक, नान, फळं आणि हिरवा चहा. मसूर-भाताच्या आशेने पुलावाच्या ठिकाणी जाऊ नका, इथला ओश, म्हणजे पुलाव, मांसाशिवाय होत नाही, आणि 'मांस बाजूला काढून देतो' हा त्यांचा प्रेमळ तोडगा आपल्या कामाचा नाही. बाबा खात असतील तर मात्र दुपारीच न्या. ओश हे दुपारचं जेवण आहे, मोठ्या कढया उशिरापर्यंत शिल्लक राहत नाहीत.

चोरसूजवळच हजरत इमामचा, मशिदी-मदरशांचा परिसर. तिथल्या प्राचीन कुराणाची पानं कातडीवर लिहिलेली आहेत, परंपरेने ते खलिफा उस्मानचं मानतात. ते समरकंदला होतं, १८६९ मध्ये रशियनांनी सेंट पीटर्सबर्गला नेलं, क्रांतीनंतर परत दिलं, आधी रशियातल्या उफा शहरात आणि मग १९२४ मध्ये ताश्कंदला. युनेस्कोच्या जागतिक स्मृतींच्या यादीत ते १९९७ पासून आहे. इथे खांदे आणि गुडघे झाकलेले असावेत, आईंकडे ओढणी असली की झालं. परिसरातल्या हस्तकलेच्या दुकानांतून गाइड रेंगाळायला लागला तर हसून पुढे चला.

दुकानांवरून आठवलं. स्वस्त टूरचा खरा खर्च तिथेच असतो. आम्हाला एका कंपनीने चार तासांतला जवळपास एक तास गालिच्याच्या दुकानात बसवलं होतं, आणि निघताना चेहरे पाडले. म्हणून बुक करताना लेखी विचारा: दुकानांचे थांबे किती? मेट्रोत उतरून स्टेशनं दाखवणार का? शास्त्रीजींचा पुतळा घेणार का? तिन्हीची सरळ उत्तरं आली तर पैसे भरा. ताश्कंदमध्ये हिंदी शिकवतात, त्यामुळे हिंदी बोलणारे गाइड मिळतात, आणि आई-बाबांसाठी थोडे जास्त पैसे देऊन तोच घ्या. इंग्रजी ऐकून मोठी माणसं मान डोलावतात, हिंदीत ती प्रश्न विचारतात. राज कपूर आणि मिथुन यांची नावं निघणारच, त्याला पंधरा मिनिटं धरून ठेवा.

तुमच्यासारख्या प्रवासाला खाजगी टूर ड्रायव्हरसकट घेतलेली बरी. सामान गाडीत राहतं, तुम्ही मेट्रोचा टप्पा गाइडबरोबर करता आणि गाडी चोरसूला येऊन थांबते. जून ते ऑगस्ट असेल तर सकाळीच उरकून घ्या, पारा चाळिशी ओलांडतो. समरकंदची अफ्रोसियोब ही वेगवान गाडी साधारण उत्तरेकडच्या स्टेशनवरून सुटते आणि दोन-सव्वादोन तासांत पोचवते, पण तिकिटावर स्टेशनचं नाव तपासा, कारण शहरात दक्षिणेलाही एक मोठं स्टेशन आहे. उत्तरेचं असेल तर मेट्रोचं 'ताश्कंद' स्टेशन त्याला लागूनच आहे, चोरसूच्याच मार्गावर. गाइडला त्याचे पैसे आणि वर थोडी टिप सोममध्ये, म्हणजे उझबेक चलनात, रोख द्या, पासपोर्ट हाताशी ठेवा, आणि गाडीत खायला चोरसूची दोन नान बांधून घ्या.