वाचकांचे प्रश्न : गावचं टीव्ही केंद्र

प्रश्न : झाडीपट्टीची नाटकं गावातल्या टीव्हींवर दाखवायला छतावर छोटा ट्रान्समीटर लावला तर?
– एक वाचक, ब्रह्मपुरी तालुका

उत्तर : लावू नका. विनापरवाना प्रक्षेपण गुन्हा आहे, आणि धोकाही खरा आहे. टीव्हीच्या चॅनल ४ ची चित्रलहर, म्हणजे चित्र वाहून नेणारी रेडिओलहर, ६२.२५ मेगाहर्ट्झची असते. स्वस्त ट्रान्समीटरला नको त्या लहरी अडवणारा फिल्टर नसेल तर तिच्या दुप्पट, १२४.५ मेगाहर्ट्झची, लहरही बाहेर पडते आणि ती वैमानिकांच्या संभाषणपट्ट्यात येते.

त्याऐवजी घरोघरी केबल ओढा. १९९५ च्या केबल कायद्याखाली नोंदणी आणि नाटक मंडळीची लेखी परवानगी आधी घ्या. टीव्हीत ॲनालॉग ट्यूनर, म्हणजे जुन्या पद्धतीचे चॅनल पकडणारा भाग, आहे का, तेही बघा. मॉड्युलेटरमधून (नाटकाचं चित्र टीव्ही चॅनलवर चढवणारी पेटी) १०० डीबी मायक्रोव्होल्ट (सिग्नलच्या जोराचं माप) निघाले, तर आरजी-६ ही टीव्हीची केबल वायर २०० मेगाहर्ट्झला दर १०० मीटरला साधारण ९ डीबी खाते, एका वायरच्या दोन करणारा दुहेरी स्प्लिटर आणखी ४. टीव्हीपाशी ६० ते ८० उरायला हवेत. खाली गेलं की मुंग्या दिसतात. मग सिग्नल वाढवणारा ॲम्प्लिफायर मुंग्या दिसतात तिथे लावू नका, त्याच्या बऱ्याच आधी लावा. एकदा मिसळलेला खरखराट तो चित्रासकट वाढवतो. वायरच्या मोकळ्या टोकाला ७५ ओहमचा टर्मिनेटर, म्हणजे सिग्नल परत फिरू न देणारं टोपण, हवाच, नाहीतर चित्रामागे सावलीसारखं दुसरं चित्र येतं. भारनियमनात एक ॲम्प्लिफायर बंद पडला की पुढची सगळी घरं जातात, म्हणून सगळे इन्व्हर्टरवर घ्या.