तडीपारीच्या आदेशाविरुद्ध थेट हायकोर्टात जाता येतं का?

ताई, भावावरचे सगळे गुन्हे ठाणे शहरातल्या एकट्या कळवा पोलीस ठाण्यातले, आणि पोलीस उपायुक्तांनी तडीपार केलंय ठाणे, मुंबई उपनगर, रायगड अशा तीन जिल्ह्यांतून, तेही दोन वर्षांसाठी, असं तुम्ही लिहिलंय. थेट रिट, म्हणजे हायकोर्टातली याचिका, दाखल करता येते, पण अपील का केलं नाही हा प्रश्न पहिल्याच तारखेला येतो. महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम ६० खाली अपिलाला ३० दिवस असतात. ठाण्याची अपिलं कोकण विभागीय आयुक्तांकडे जातात. अपिलासोबतच स्थगितीचा अर्ज द्या.

मी ठाण्यात वकिली करतो. मुलगा किती चांगला आहे म्हणून अख्ख्या चाळीच्या सह्या घेऊन लोक येतात. त्या कागदाचा रिटमध्ये फारसा उपयोग नाही. भाऊ कसा आहे यापेक्षा आदेश कसा निघाला, हे हायकोर्ट बघतं.

म्हणून कलम ५९ ची नोटीस (तडीपारीआधी बाजू मांडायला दिलेली) आणि आदेश शेजारी ठेवून ओळ न् ओळ वाचा. नोटिशीत नसलेला गुन्हा किंवा गोपनीय (साक्षीदाराचं नाव गुप्त ठेवून घेतलेला) जबाब आदेशात घुसलाय का? गुन्हे जुने होऊन गेलेत का? साक्षीदार भीतीने पुढे येत नाहीत, हे कशावरून ठरवलं? आणि तुमच्या बाबतीत सगळ्यात मोठा मुद्दा: गुन्हे कळव्याचे, मग रायगड कशाला? शेजारचा जिल्हा घेता येतो, पण त्याचं कारण आदेशात दिसायला हवं. दोन वर्षं ही कायद्यातली कमाल मुदत. ती कारण न देता लावता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये जालन्याच्या प्रकरणात सांगितलंय. राहिलेली कारणं नंतर प्रतिज्ञापत्रातून भरता येत नाहीत. सर्वोच्च न्यायालयाच्या मोहिंदरसिंग गिल निकालापासून, म्हणजे १९७७ पासून, हे ठरलेलं आहे.

साक्षीदारांची नावं दिली नाहीत, यावर मात्र भर देऊ नका. आरोपांचं साधारण स्वरूप कळवलं तरी पुरतं, हे सर्वोच्च न्यायालयाच्या रांगणेकर निकालातच स्पष्ट झालंय.

आणि घाई करा. तडीपारीची मुदत संपत आली की याचिकेत दम उरत नाही. तोवर भाऊ सणासाठीसुद्धा हद्दीत यायला नको, नाहीतर वेगळा गुन्हा लागेल. कोर्टाच्या तारखेला यायचं असेल तर आधी लेखी परवानगी घ्या.