भिंतीच्या पाठीमागे जा

प्रिय,

तुझा नकाशा पाहिला. खडकवासल्याचा निळा ठिपका, तिथून पर्वतीच्या जलकेंद्रापर्यंत जाड रेघ, पुढे शहरभर फाटे. खाली विचारलंयस, 'सर, संशोधनाचा विषय फार छोटा वाटतोय, बदलू का?' अगं, विषय छोटा नाही. तू तो धरणाच्या भिंतीपासून सुरू केलास, म्हणून छोटा दिसतोय.

भिंतीच्या पाठीमागे जा.

रविवारी निम्मं पुणं खडकवासल्याच्या चौपाटीवर कणीस खात उभं असतं आणि समोरच्या पाण्याकडे बघून 'हे आपलं पाणी' म्हणतं. ते धरण काठोकाठ भरलं तरी त्यात दोन टीएमसीसुद्धा (टीएमसी म्हणजे अब्ज घनफूट) मावत नाही, १.९७. त्याच्या वरच्या अंगाच्या धरणांत बघ: पानशेतमध्ये १०.६५, वरसगावात १२.८२, टेमघरला ३.७१. बेरीज तूच कर. वरच्या या तिघांतलं टेमघर तेवढं मुठेवर आहे. पानशेत आंबी नदीवर, वरसगाव मोशीवर. सांगरुणपाशी या दोघी मुठेला मिळतात आणि तिथून पुढे नाव एकटीचं राहतं. पुण्यासाठी साठवलेल्या पाण्याचे पाचातले चार वाटे आंबी-मोशीच्या धरणांत असतात, आणि तुझ्या नकाशावर दोघींची नावं नाहीत.

माझ्या फळ्यावरही तीस वर्षं नव्हती. 'पुण्याला पाणी कुठून मिळतं? खडकवासला.' एक गुण. दर पावसाळ्यात सहल काढायचो, भिंत दाखवायचो, भजी खाऊ घालायचो आणि परत. शाळेची परवानगी एका दिवसाची, बस दुपारी चारला सोडायची, घरी आई अंथरुणाला खिळलेली. सबबी सांगतोय असं वाटेल. थोड्या आहेतही. पण एवढ्या सगळ्यात ज्यानं चाळीस पोरांना निदान धरणापर्यंत तरी नेलं, त्याला अगदीच कामचुकार म्हणू नकोस.

सगळ्यात लाज याची वाटते की मला तरी हे कळायला हवं होतं. १२ जुलै १९६१ ला मी सहा वर्षांचा होतो. आमची खोली नारायण पेठेत. पानशेतचं धरण अजून पुरतं बांधूनही झालं नव्हतं; ते फुटलं, त्या लोंढ्यानं खडकवासला फोडलं आणि पाणी पेठांत शिरलं. पुढे कितीतरी वर्षं आमच्या भिंतीवर चिखलाची रेघ होती, माझ्या डोक्याच्या बरीच वर. आजी तिच्यावर चुना फासायची आणि पावसाळ्यात ती पुन्हा उमटायची. घरात 'पानशेतचा पूर' हे शब्द हजारदा ऐकले. आमची भांडीकुंडी घेऊन गेली ती आंबी, हे एकदाही कुणी म्हटलं नाही.

उपग्रहाची चित्रं आहेत, मग चालायचं कशाला, असं तुझ्या गाइडनी सांगितलं म्हणतेस. ती चित्रं जरूर वापर, माझं त्यांच्याशी वैर नाही. पण निवृत्तीनंतर मी पानशेतच्या फुगवट्याच्या पलीकडे, वरच्या अंगाच्या एका वाडीवर गेलो तेव्हा एप्रिल होता. कड्याच्या पायथ्याशी दोन कातळथरांच्या मधे गेरूसारखी लाल माती दिसत होती आणि तिथून पाणी पाझरत होतं. खाली हातभर खळगा. एक बाई वाटीनं पाणी हंड्यात भरत होत्या. चार वाट्या भरल्या की थांबायच्या, खळगा भरला की पुन्हा चार. मी घड्याळ लावलं होतं, अर्ध्या तासात हंडा निम्मासुद्धा झाला नाही. मला म्हणाल्या, "पावसात इथं उभं राहवत नाही, एवढं पाणी."

खरंच आहे ते. ताम्हिणीच्या अंगाला वर्षाला पाच हजार मिलीमीटरच्या वर पाऊस पडतो, पुणे शहरात सातशेच्या आसपास. पण काळा कातळ पाणी धरून ठेवत नाही. आलं तसं चार महिन्यांत उतरून जातं, म्हणून तर खाली भिंती घालाव्या लागल्या. जिरतं ते थोडकं, लाल थरापाशी अडतं आणि झरा होऊन बाहेर येतं. तोही उन्हाळ्यात आटत जातो. जिथे आभाळ फाटतं तिथेच वाटीनं पाणी का भरावं लागतं, हा तुझा विषय. तो तुझ्या निळ्या ठिपक्याच्या पाठीमागे आहे, पुढे नाही.

नोकरीचं विचारलंयस, त्याचं मला काही कळत नाही. मला एवढंच कळतं, भिंतीच्या पाठीमागे जा. तेच तेच सांगतोय, माहीत आहे. तीन वेळा फोनवर सांगितलं आणि तू तिन्ही वेळा 'हो सर' म्हणालीस.

स्वारगेटहून पानशेतला गाडी मिळते. एप्रिलमध्ये जा आणि मग जुलैत, दोन्ही वेळा. वाडीवर कसं जायचं ते या कागदाच्या मागे काढून देतो, माझ्या हातच्या नकाशावर हसू नकोस. त्या झऱ्याखालून एक ओढा निघतो आणि आंबीला मिळतो. त्याला लोक काय म्हणतात ते विचारायचं माझ्याकडून राहून गेलं. तेवढं नाव विचारून मला कळव.

तुझा,
सर