सही कोणाची आहे, ते आधी बघ

प्रिय मित्रा,

खून झालेल्या बाईवरच्या तुझ्या माहितीपटासाठी तिच्या घरच्यांनी स्वतःहून घरगुती व्हिडिओंची हार्ड डिस्क हातात ठेवली, सह्या झाल्या, मग आता अडतंय कुठे, असं तू विचारतोस. माझ्या मते सही कोणाची आहे तिथेच अडतं.

घरगुती व्हिडिओचा कॉपीराइट साधारणपणे कॅमेरा धरणाऱ्याचा असतो, समोर दिसणाऱ्याचा नाही. नवऱ्याने बायकोचं शूटिंग केलं आणि पुढे तिच्या खुनात तोच दोषी ठरला, तर हक्कांची बोलणी कदाचित त्याच्याच वकिलाशी करावी लागतील. तिला विचारायची सोय नाही. बऱ्याच देशांत मृताची अब्रुनुकसानी कायदा मानतच नाही. तेव्हा 'लीगलने (कंपनीच्या कायदा विभागाने) पास केलंय' एवढ्यावर निर्धास्त राहू नकोस. लीगल कंपनीला सांभाळतं, तिला नाही.

अँड्र्यू जारेकी यांचा 2003 सालचा 'कॅप्चरिंग द फ्रीडमन्स' हा माहितीपट बघ. बाललैंगिक शोषणाच्या खटल्यात वडील आणि धाकटा भाऊ अडकलेत, आणि थोरला मुलगा आपल्या व्हिडिओ डायरीत सांगतो की हे खासगी आहे, माझ्याशिवाय कुणी पाहू नये. पुढे ती टेप त्यानेच दिग्दर्शकाच्या हवाली केली. संमती पक्की होती, तरी बघताना आपण दाराला कान लावून उभे आहोत असं वाटत राहतं. ती वापरायला नको होती असं मात्र मी म्हणणार नाही. ते घर आतून कसं तुटलं, हे दुसऱ्या कशाने कळलं नसतं.

तुझ्या रफ कटमध्ये, म्हणजे कच्च्या संकलनात, ती केक कापते, कॅमेऱ्याकडे बघून हसते. तू ते हसू स्लो मोशनमध्ये नेलंस आणि खाली घुमणारा सूर सोडलास. त्या दिवशी ती नुसती हसत होती. अपशकुन तू घातलास. तो शॉट काढला तर प्रेक्षकाला प्रकरणातलं नेमकं काय कळायचं राहील? मला काही सापडलं नाही. ठेवायचाच असेल तर मूळ वेगात, मूळ आवाजासकट ठेव.

पोलिसांच्या बॉडीकॅमचं, म्हणजे अंगावर लावलेल्या कॅमेऱ्याचं, तेच. अमेरिकेत अनेक राज्यांत ते फुटेज अर्ज करून मिळतं, म्हणून ते फुकटचं वाटतं. पण दार उघडताच फ्रेममध्ये येतात फ्रिजवर चिकटवलेली पोरांची चित्रं आणि मागे उभा शेजारी. पोरं उद्या मोठी होतील, वर्गातलं कुणीतरी तो तुकडा शोधून काढेल. चेहरे ब्लर कर, आवाजात आलेली नावंही कापून टाक. ती हमखास राहून जातात.

आणखी एक, याकडे सगळेच कानाडोळा करतात. ट्रेलर आणि थंबनेल बहुधा तुझ्या हातात नसतात. तू दीड तास संयम पाळशील आणि मार्केटिंगवाले तिचा रडतानाचा चेहरा पोस्टरवर लावतील. करारात प्रसिद्धीसाठीच्या वापराचं कलम वेगळं मागून घे, आणि आत्ताच माग. एकदा फिल्म लॉक झाली, म्हणजे संकलन पक्कं झालं, की तुझा फोन कुणी उचलणार नाही.

तुझा,
दादा