‘शककर्ता’ या शब्दातला ‘शक’ कोणता?

एका वाचकाने विचारले आहे: शक तर बाहेरून आलेले लोक. त्यांच्याशी लढणारा राजा ‘शकारि’. मग शिवाजी महाराजांना आपण ‘शककर्ते’ का म्हणतो? आणि ‘शक’ व ‘शके’ यांत फरक काय?

प्रश्न रास्त आहे, आणि उत्तराची सुरुवात खरोखरच त्या बाहेरच्या लोकांपासून होते. इ. स. 78 पासून मोजली जाणारी कालगणना माळवा-गुजरातेतल्या शक क्षत्रपांनी, म्हणजे तिथल्या शक राजांनी, चालवली. ती कुषाण राजा कनिष्काची की क्षत्रप चष्टनाची यावर इतिहासकारांचा वाद आहे. क्षत्रप स्वतः मात्र तिला ‘शक’ म्हणत नव्हते. रुद्रदामनाच्या जुनागढच्या लेखात नुसते 72वे वर्ष आहे, म्हणजे इ. स. 150. वर्षांना शकांचे नाव चिकटले ते पुढे, इतरांनी ती गणना उचलली तेव्हा. बदामीच्या तिसऱ्या लेण्यात चालुक्य मंगलेशाचा लेख आहे. त्यात ‘शकनृपतीच्या राज्याभिषेकाची पाचशे वर्षे लोटली तेव्हा’ अशी मिती आहे, म्हणजे इ. स. 578. ‘शक’ आणि ‘राज्याभिषेक’ हे दोन शब्द तिथे शेजारी आले आहेत. ते ध्यानात ठेवा, पुढे लागतील.

त्यानंतर अर्थ फिरला. वराहमिहिराच्या गणिताचे आरंभवर्ष शक 427 आहे, ब्रह्मगुप्ताने आपला सिद्धांत शक 550 मध्ये लिहिला. ज्योतिषांना ग्रहगणितासाठी एक न तुटणारी वर्षमोजणी हवी असते. राजा बदलला की पुन्हा एकपासून सुरू होणारी मोजणी त्यांच्या उपयोगाची नाही. त्यांनी शक धरला आणि सोडला नाही. पिढ्यानपिढ्या वापरून ‘शक’ म्हणजे ‘ते लोक’ हा अर्थ मागे पडला आणि ‘शक’ म्हणजे कोणतीही वर्षगणना, असा सामान्य अर्थ रूढ झाला. म्हणून ‘विक्रमशक’ असेही लिहिलेले सापडते, आणि त्यात काही चूक नाही. ‘शककर्ता’मधला शक हा आहे: नवी वर्षगणना सुरू करणारा तो शककर्ता. (‘शक येणे’ मधला शक वेगळा. तो अरबी, अर्थ संशय.)

परक्या राजाच्या नावाने वर्षे मोजतो आहोत ही गोष्ट मध्ययुगात खुपत असावी असे मला वाटते. ‘शकांचा काळ’ म्हणजे शकांचा नाश झाला तो काळ, असा अर्थ ज्योतिषग्रंथांचे भाष्यकार लावू लागले. अकराव्या शतकातल्या अल बेरूनी या विद्वानानेही तसेच नोंदवले आहे. पुढे या गणनेला ‘शालिवाहन शक’ नाव मिळाले. शालिवाहन हे सातवाहनाचेच रूप. नाशिकच्या लेण्यात गौतमीपुत्र सातकर्णीला शक-यवन-पल्हवांचा नाश करणारा म्हटले आहे. म्हणजे शकांच्या गणनेचे श्रेय शकांना हरवणाऱ्या घराण्याकडे गेले. सातवाहन राजे मात्र आपल्या लेखांत स्वतःच्या राज्यारोहणापासूनची वर्षे घालत. हा शक त्यांनी कधी वापरलाच नव्हता!

आता धर्माची बाजू. जुन्या पंचांगांच्या आरंभी संवत्सरफलात, म्हणजे वर्षाच्या भाकितात, कलियुगातले सहा शककर्ते दिलेले असतात: युधिष्ठिर, विक्रम, शालिवाहन, विजयाभिनंदन, नागार्जुन आणि कल्की. प्रत्येकाचा शक किती वर्षे चालेल तेही ठरलेले: 3044, 135, 18000, 10000, 400000 आणि 821. बेरीज करून पाहा, बरोबर 432000 येते, म्हणजे कलियुगाची पूर्ण मुदत. पहिले दोन आकडे खऱ्या गणनेशी जुळतात: कलियुगाच्या आरंभापासून शालिवाहन शकापर्यंत 3179 वर्षे. बाकीची सगळी वर्षे भविष्यातल्या राजांना वाटून टाकलेली आहेत. या यादीत सातव्याला जागाच नाही. शालिवाहनाची 18000 वर्षे संपेपर्यंत दुसऱ्या कुणी शक सुरू करायचा नाही, असा तिचा सरळ अर्थ.

ही यादी समोर असताना ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी, शके 1596 (इ. स. 1674) रोजी रायगडावर नवा शक सुरू झाला. त्याचे नाव ‘राज्याभिषेक शक’. बदामीच्या लेखातले तेच दोन शब्द, अकराशे वर्षांनी, या वेळी आपल्या राजासाठी. महाराजांच्या त्यानंतरच्या पत्रांत ‘स्वस्तिश्री राज्याभिषेक शके’ अशी सुरुवात दिसते. त्याआधी दरबारी कागदांत सुहूर सन चाले. महमद तुघलकाच्या काळापासूनची ही गणना, आकडे अरबी शब्दांत: 1674च्या पावसाळ्यात ‘खमस सबैन अलफ’, म्हणजे 1075. तिचे वर्ष मृगापासून, पेरणीच्या वेळी सुरू होत असल्याने महसुलाला सोयीचे. त्यामुळे ती लगेच गेली नाही, पेशवाईच्या कागदांतही सापडते. पण पत्राच्या माथ्यावर कोणाचे वर्ष लिहायचे हा सत्तेचा प्रश्न आहे, आणि त्याचे उत्तर रायगडाने दिले.

अभिषेक करायला काशीचे गागाभट्ट आले. काही महिन्यांनी, 24 सप्टेंबरला, निश्चलपुरींनी तांत्रिक पद्धतीने दुसरा अभिषेक केला. शककर्ता होण्यासाठी राजाला धर्माची संमती लागतेच, हे यावरून दिसते. शास्त्राची, म्हणजे ग्रहगणिताची, बाजू मात्र फारशी सांगितली जात नाही, म्हणून इथे सांगतो. ‘करणकौस्तुभ’ हा कृष्ण ज्योतिषी यांचा ग्रहगणितावरचा ग्रंथ, आरंभवर्ष शके 1575. गणित सोपे असावे आणि आकाशात प्रत्यक्ष दिसते त्याच्याशी जुळावे, असे करण (ग्रहगणिताचा सुटसुटीत ग्रंथ) रच, अशी शिव नावाच्या राजाने आज्ञा केली, असे ग्रंथकार स्वतः सांगतो. महाराष्ट्रात तेव्हा गणेश दैवज्ञांच्या ‘ग्रहलाघवा’वरून, म्हणजे शके 1442च्या ग्रंथावरून पंचांगे होत. जुने गणित आकाशापासून सरकते हे ज्याला कळले होते आणि ज्याने ते दुरुस्त करायला सांगितले, त्याच राजाने पुढे नवा शक सुरू केला. ‘शककर्ता’ ही पदवी महाराजांना शोभते ती माझ्या मते या दोन्ही गोष्टींमुळे.

गणित एकीकडे आणि धर्म व सत्ता दुसरीकडे, हा झगडा फक्त आपल्याकडचा नाही, आणि राज्याभिषेकाच्या दिवशीच रायगडावर तो हजर होता. मुंबईच्या इंग्रजांचा वकील हेन्री ऑक्झिंडन समारंभाला होता. इंग्रजी तारीख 6 जून. गोव्याच्या पोर्तुगीजांच्या लेखी तोच दिवस 16 जून. पोप तेराव्या ग्रेगरीने 1582 मध्ये दहा दिवस गाळून पंचांग सुधारले. कॅथलिक पोर्तुगालने ते लगेच घेतले. प्रॉटेस्टंट इंग्लंडने मात्र पोपचे म्हणून 1752 पर्यंत नाकारले. गणित खरे होते, पण ते कोणाच्या तोंडून आले हे आडवे आले.

राज्याभिषेक शक 1818 नंतर मागे पडला. त्याआधी चालुक्य सहाव्या विक्रमादित्याने 1076 मध्ये सुरू केलेली गणनाही टिकली नव्हती, अकबराचे इलाही सनही नाही. राज्य गेले की सन गेले. शालिवाहन शक टिकला तो ज्योतिषांच्या गणितामुळे आणि घरोघरच्या संकल्पामुळे. स्वतंत्र भारताने मेघनाद साहांच्या अध्यक्षतेखाली पंचांग सुधारणा समिती नेमली तेव्हा तीस-एक पंचांगे देशात चालत होती. समितीत नागपूरचे कृ. ल. दफ्तरी आणि पुण्याचे ज. स. करंदीकर होते. 22 मार्च 1957 पासून राष्ट्रीय दिनदर्शिका लागू झाली, तीही शकाचीच: 1 चैत्र 1879.

आता दुसरा प्रश्न. ‘शके’ हे ‘शक’चे संस्कृत सप्तमीचे रूप, म्हणजे ‘शकात’. ‘शके 1596’ म्हणजे ‘शकाच्या 1596व्या वर्षी’. त्यामुळे ‘शके 1596 मध्ये’ यात सप्तमी दोनदा येते. पण मराठीत ते इतके रुळले आहे की चूक म्हणता येणार नाही. आकड्याशिवाय बोलताना ‘शक’च लिहा: ‘शालिवाहन शक’, ‘शालिवाहन शके’ नव्हे. इसवी सन काढायला शालिवाहन शकात 78 मिळवा, जानेवारीपासून फाल्गुन अखेरपर्यंत 79. राज्याभिषेक शकात 1673, आणि जानेवारीपासून ज्येष्ठ शुद्ध द्वादशीपर्यंत 1674.

आणि एक विनंती. हल्ली कोणत्याही गाजलेल्या नेत्याला किंवा खेळाडूला ‘शककर्ता’ म्हटले जाते. त्यांच्यासाठी ‘युगप्रवर्तक’ आहे, ‘पर्व घडवणारा’ आहे. ज्याच्या नावाने वर्षे मोजली गेली, त्याच्यासाठी हा शब्द राखून ठेवावा.