ट्रकपासून सुरुवात करू नकोस

अनेक आशीर्वाद.

दिवाळी अंकासाठी लिहिलेला तुझा बैरूतवरचा लेख एका बैठकीत वाचला. हात चांगला आहे, म्हणूनच जरा कडक लिहितोय.

पहिला परिच्छेद काढून टाक. 23 ऑक्टोबर 1983, रविवार, सकाळचे 6 वाजून 22 मिनिटं, स्फोटकांनी भरलेला पिवळा मर्सिडीज ट्रक काटेरी कुंपण तोडून विमानतळावरच्या अमेरिकन मरीन्सच्या (सागरी सैनिकांच्या) इमारतीत घुसतो. सगळं खरं आहे. पण जो तो इथूनच सुरुवात करतो आणि वाचकाला वाटतं, तो ट्रक आभाळातून पडला.

तू 1982 च्या उन्हाळ्यापासून सुरू कर. इस्रायलचं सैन्य लेबनॉनमध्ये शिरलं होतं, पश्चिम बैरूतला वेढा पडला होता. पॅलेस्टिनी लढवय्यांना शहराबाहेर सुखरूप जाता यावं म्हणून ऑगस्टमध्ये अमेरिका, फ्रान्स आणि इटलीच्या तुकड्या आल्या, काम उरकून परत गेल्या. 14 सप्टेंबरला नवनिर्वाचित अध्यक्ष बशीर जमायेल बॉम्बस्फोटात मारले गेले आणि दोनच दिवसांनी साब्रा-शातिला या पॅलेस्टिनी निर्वासितांच्या वस्त्यांमधली कत्तल सुरू झाली. तुकड्या निघून गेल्या असताना हे घडलं, त्या नामुष्कीपोटी त्या घाईघाईने परत आल्या. पुढे शंभरेक ब्रिटिश सैनिकही आले. पहिल्या खेपेला काम ठरलेलं होतं. या खेपेला काम काय, तर तिथे असणं. तुझा लेख खरं तर इथे सुरू होतो.

एक चूक दुरुस्त कर. तू त्यांना निळ्या शिरस्त्राणांचे म्हटलं आहेस. हे बहुराष्ट्रीय दल संयुक्त राष्ट्रांचं नव्हतंच. संयुक्त राष्ट्रांचं दल 1978 पासून दक्षिण लेबनॉनमध्ये वेगळं होतं आणि 1998 पासून त्यात भारतीय पलटणीही आहेत. आपला वाचक या दोन्हींची गल्लत हमखास करणार.

आता सर्वांत महत्त्वाचं. सप्टेंबर 1983 मधल्या सुक अल-घर्बला तू एक ओळ दिली आहेस. तिथे थांब, निवांत लिही. बैरूतच्या वरच्या डोंगरातलं ते गाव. लेबनॉनचं सैन्य तिथे द्रुझ (डोंगरातला एक धार्मिक समाज) आणि त्यांच्या साथीदारांशी लढत होतं. ते सैन्य म्हणजे बशीर यांच्यानंतर अध्यक्ष झालेले त्यांचे भाऊ अमीन जमायेल यांच्या सरकारचं, आणि ते सरकार म्हणजे यादवीतला एक पक्ष, असं डोंगरातले लोक धरून चालले होते. त्याला आरमारी तोफांची मदत द्यायला मरीन्सचे कमांडर कर्नल टिमोथी जेरॅटी नाखूश होते. आपली माणसं खाली सपाट विमानतळावर उघडी पडलेली आहेत, याची किंमत तीच मोजतील, हे त्यांना दिसत होतं. अखेर 19 सप्टेंबरला अमेरिकी युद्धनौकांनी तीनशेहून जास्त गोळे डागले. त्या दिवसानंतर मरीन्सना तटस्थ म्हणणारं वॉशिंग्टनबाहेर फारसं कोणी उरलं नसावं. हे माझं मत. तुला पटलं तर तुझ्या शब्दांत मांड. आपल्याकडच्या वाचकाला हे समजावणं अवघड नाही. 1987 मध्ये श्रीलंकेत गेलेली आपली शांतिसेना काही महिन्यांत तमिळ वाघांशीच लढू लागली, हे त्याला आठवतं. एक वाक्य पुरे, तुलना ताणू नकोस.

पहारेकऱ्यांच्या रिकाम्या बंदुकांवर तू जवळपास एक पान खर्च केलं आहेस. मोह मला कळतो. बंदुकीत मॅगझिन घालायचं नाही, हा हुकूम होता आणि पहारेकरी गोळी भरेपर्यंत ट्रक आत पोचला. पण 12,000 पौंड टीएनटीच्या ताकदीचा स्फोट (हा अ‍ॅडमिरल लाँग यांच्या चौकशी आयोगाचा अंदाज) एका बंदुकीने अडला असता का? त्याच वर्षी 18 एप्रिलला बैरूतमधला अमेरिकी दूतावास गाडीतल्या बॉम्बने उडवला होता, 63 माणसं गेली होती. इशारा मिळाला होता. तरीही साडेतीनशेच्या आसपास माणसं एकाच इमारतीत का ठेवली? कारण काँक्रीटच्या त्या चार मजली इमारतीत तोफगोळ्यांपासून संरक्षण मिळत होतं. तयारी होती ती तोफांसाठी. ट्रक खालच्या मजल्यावर शिरला, खांब तुटले आणि वरचे मजले झोपलेल्या माणसांवर बसले. बंदुकीपेक्षा हा हिशेब वाचकाला सांग.

241 अमेरिकन गेले, त्यांत 220 मरीन्स. दुसऱ्या महायुद्धातल्या इवो जिमाच्या लढाईनंतर त्या दलाचा एका दिवसातला हा सर्वांत मोठा घात. दोन दिवसांनी अमेरिकेने ग्रेनाडावर फौज उतरवली आणि बातम्यांचा झोत तिकडे वळला. पण मला खटकलं ते वेगळंच. काही मिनिटांनी फ्रेंच छत्रीधारी सैनिकांचं ‘द्राकार’ नावाचं ठाणं दुसऱ्या स्फोटात कोसळलं, 58 जण मेले. त्यांना तुझ्या लेखात कंसात जागा मिळाली. आणि त्या इमारतीच्या लेबनीज रखवालदाराची बायको आणि चार मुलंही गेली, ती तर कंसातसुद्धा नाहीत. शहर त्यांचं होतं ना?

‘हे हेजबोल्लाने केलं’, म्हणजे इराणच्या पाठबळावरच्या लेबनॉनमधल्या शिया संघटनेने, असं तू बिनधास्त लिहिलं आहेस. जबाबदारी घेतली ‘इस्लामिक जिहाद’ या नावाने. हेजबोल्लाने स्वतःचा जाहीरनामा काढला तो 1985 मध्ये, आणि या स्फोटातला हात त्यांनी नाकारला आहे. 2003 मध्ये अमेरिकी न्यायालयाने इराणला जबाबदार ठरवलं. इराण त्या खटल्यात हजरच राहिला नव्हता. या साऱ्यावरून माझा कल तुझ्याच बाजूला झुकतो. तरी कोण काय म्हणालं, कधी आणि कुठे, हे मांडून मगच निष्कर्ष लिही. पेटलेल्या विषयात घाईचं एक वाक्य बाकीच्या मेहनतीवर पाणी ओततं.

शेवटाकडे तू तेव्हाचे अमेरिकी अध्यक्ष रेगन यांना झोडपलं आहेस. झोडप, पण डिसेंबरात त्यांनी दोष स्वतःकडे घेतला आणि तिथल्या अधिकाऱ्यांना शिक्षा नको म्हटलं, तेही लिही. मग फेब्रुवारी 1984 मध्ये मरीन्स जहाजांवर परतले, मार्चअखेर फ्रेंचही गेले. यादवी 1990 पर्यंत चालूच राहिली.

संपादकांनी तीन हजार शब्द दिलेत, तुझे चार हजार झालेत. बंदुकांचं पान गेलं की बरीच जागा होईल. सुक अल-घर्बचा भाग आधी लिहून पाठव, बाकीचं नंतर बघू.